सुमारे चौदाशे वर्षांपूर्वीचा पार्ट टू : बापाची कादंबरी, मुलाचा शेवट

आज बोलूया पार्ट टू बद्दल. म्हणजे पहिल्या भागात ज्या जोडीवर आपण जीव लावला, ती जोडी दुसऱ्या-तिसऱ्या भागात बदलली की आपलं डोकं का फिरतं, याबद्दल.

उदाहरण सगळ्यांना माहीत असलेलंच घेतो. 2014 मध्ये 'टाइमपास' आला. दगडू आणि प्राजू, प्रथमेश परब आणि केतकी माटेगावकर. 2015 मध्ये दुसरा भाग आला, त्यात तेच दोघं मोठे झालेले, म्हणून कलाकार बदलले. ते लोकांनी चालवून घेतलं, कारण जोडी तीच होती. मग 2022 मध्ये तिसरा भाग आला. दगडू पुन्हा प्रथमेश परबच, पण समोर प्राजू नाही, पालवी! हृता दुर्गुळे. झालं, लगेच दोन तट पडले. एक म्हणे, पालवी भारी आहे, मजा आली. दुसरा म्हणे, प्राजूशिवाय दगडू हे पटतच नाही.

हे भांडण आजचं नाही. मराठीत आपण नॉव्हेलला जो शब्द वापरतो, 'कादंबरी', तो ज्या पुस्तकावरून आला त्या पुस्तकाच्या पोटातच हे भांडण आहे. हिंदीत आणि बंगालीत उपन्यास म्हणतात, गुजरातीत नवलकथा. मराठीने आणि कन्नडने मात्र एका नायिकेचं नावच उचललं. आणि त्या नायिकेची गोष्ट ज्याने सुरू केली त्याने ती संपवलीच नाही. पार्ट टू त्याच्या मुलाने लिहिला.

लेखक गेला, गोष्ट अर्धी

सातव्या शतकाचा पूर्वार्ध. कनौजचा सम्राट हर्ष, आणि त्याच्या आश्रयाला असलेला बाणभट्ट. बाणाने राजावर 'हर्षचरित' लिहिलं आणि दुसरीकडे 'कादंबरी' लिहायला घेतली. गद्यात. वाक्यं इतकी लांब की एक वाक्य सुरू झालं की क्रियापद येईपर्यंत चहा थंड होतो. एकोणिसाव्या शतकातला जर्मन अभ्यासक वेबर या गद्याला इतका वैतागला की त्याने त्याची तुलना भारतातल्या रानाशी केली. झाडी तोडत वाट काढायची, आणि वर अनोळखी शब्दांची श्वापदं अंगावर येणार. इकडे आपल्या विष्णुशास्त्री चिपळूणकरांनी मात्र संस्कृतातल्या ज्या पाच कवींवर मराठीत निबंध लिहिले त्यांत कालिदास आणि भवभूतीच्या पंक्तीला बाणालाही बसवलं. म्हणजे रिव्ह्यू पहिल्यापासून मिक्सच.

आता गोष्ट. नीट ऐका, कारण पुढे माणसं बदलणार आहेत.

विदिशेचा राजा शूद्रक. त्याच्या दरबारात एक मुलगी पिंजऱ्यातून पोपट घेऊन येते. बाणाच्या शब्दांत चांडाळकन्या. पोपटाचं नाव वैशंपायन. तो माणसासारखा बोलतो आणि आपली कहाणी सांगतो. लहानपणी शिकाऱ्यांच्या हल्ल्यात बाप गेला, एका ऋषिकुमाराने वाचवून आश्रमात नेलं. तिथे जाबाली ऋषींनी त्याच्याकडे बघितलं आणि म्हणाले, हा आपल्याच वागण्याची फळं भोगतोय. मग जाबालींनी त्याच्या मागच्या जन्माची गोष्ट सांगितली.

त्या गोष्टीत उज्जयिनीचा राजपुत्र चंद्रापीड आहे आणि त्याचा जिवलग मित्र, प्रधानाचा मुलगा वैशंपायन. हो, पोपटाचंच नाव. चंद्रापीड दिग्विजयावर निघतो, किन्नरांच्या जोडीमागे घोडा फेकतो आणि भरकटत अच्छोद नावाच्या सरोवराशी पोचतो. तिथे महाश्वेता भेटते. पांढऱ्या वस्त्रात, वीणा घेऊन, एकटी. तिचं पुंडरीक नावाच्या तरुण तपस्व्यावर प्रेम होतं. दोघं भेटायच्या आतच विरहाने त्याचा जीव गेला. चांदणी रात्र होती. आकाशातून एक दिव्य पुरुष उतरला, त्याने पुंडरीकाचा देह उचलून नेला आणि जाताना सांगितलं, धीर धर, तुमची पुन्हा भेट होणार आहे. तेव्हापासून ती वाट बघत तिथेच बसली आहे.

महाश्वेतेची मैत्रीण कादंबरी. तिने ठरवलंय, मैत्रीण दुःखात आहे तोवर मी लग्न करणार नाही. आणि ही कादंबरी चंद्रापीडाच्या प्रेमात पडते, तो तिच्या. तेवढ्यात वडिलांचं पत्र येतं आणि त्याला उज्जयिनीला परतावं लागतं. मागे राहिलेली त्याची सखी पत्रलेखा काही दिवसांनी कादंबरीचा निरोप घेऊन येते. ती सांगायला लागते, आणि...

आणि संपलं. पत्रलेखा बोलता बोलताच बाणाचा मजकूर तुटतो. बाण वारला.

मुलगा काय म्हणतो

बाणाच्या मुलाचं नाव कुठे भूषणभट्ट सापडतं, कुठे पुलिंद. त्याने उरलेला भाग लिहिला. आज आपण बाणाच्या भागाला पूर्वभाग म्हणतो आणि मुलाच्या भागाला उत्तरभाग.

उत्तरभागाच्या सुरुवातीला तो स्वतःची बाजू मांडतो. वडील गेले आणि गोष्ट तुटली, रसिक माणसं त्यामुळे हळहळत होती, ते बघून मी हे हातात घेतलं, मी मोठा कवी आहे म्हणून नाही. कादंबरी या शब्दाचा एक अर्थ मद्य असाही आहे, त्यावर तो खेळतो. लोक आधीच ही कादंबरी पिऊन इतके झिंगलेत की त्यांना कशाचं भान नाही, तेव्हा माझा बेचव शेवट खपून जाईल अशा सुरात.

पण मला त्याची दुसरी उपमा जास्त आवडते. तो म्हणतो, बी पेरणाऱ्याने पेरलं होतं, चांगल्या जमिनीत ते वाढलं, मुलाने फक्त गोळा केलं. आपल्या बेल्ह्याच्या सोमवारच्या बाजारात उभ्या असलेल्या कुठल्याही शेतकऱ्याला हे समजावून सांगावं लागणार नाही. बापाने केलेली पेरणी, मुलाने केलेली काढणी.

प्रश्न एवढाच की हे खरं आहे का. बापाने पेरलं तेच मुलाने काढलं, की स्वतःचं काहीतरी घुसवलं? कारण उत्तरभागात जे होतं ते पहिल्यांदा वाचताना धक्का देणारं आहे.

पार्ट टू मधला उलटफेर

चंद्रापीड घाईने आला, सैन्य मागे राहिलं, त्या सैन्याबरोबर मित्र वैशंपायन होता. तो अच्छोद सरोवराशी आला आणि तिथून हलेचना. काहीतरी हरवल्यासारखा शोधत फिरायला लागला. चंद्रापीड त्याला आणायला जातो तेव्हा महाश्वेता रडत सांगते. एक अनोळखी तरुण आला होता. माझ्याकडे ओळखीचं असल्यासारखा टक लावून बघायचा. मी दासीला सांगितलं, याला इथे येऊ देऊ नकोस. तरी एका चांदण्या रात्री तो थेट माझ्यापाशी आला आणि प्रेमाचं बोलू लागला. मी म्हटलं, मी पुंडरीकाशिवाय कुणाचाही विचार मनात आणला नसेल तर हा पोपटासारखा बडबडणारा पोपटाच्याच जन्माला जावो. तो तिथेच कोसळून मेला. नंतर कळलं की तो तुमचा मित्र होता.

हे ऐकून चंद्रापीडाचं हृदय फुटतं आणि तोही मरतो. कादंबरी येते ती त्याच्या प्रेतापाशी. ती सती जायला निघते तेव्हा आकाशवाणी होते की देह जपून ठेव, तो कुजणार नाही. आणि मग हळूहळू उलगडतं की पुंडरीकाने मरताना चंद्राला शाप दिला होता, कारण त्या चांदण्याने त्याची तगमग वाढवली. तूही भारतात जन्म घेशील आणि प्रेमात तळमळून मरशील. चंद्राने उलट शाप दिला, मग माझ्या सुखदुःखात तूही वाटेकरी. त्याप्रमाणे चंद्र झाला चंद्रापीड, पुंडरीक झाला वैशंपायन.

म्हणजे महाश्वेतेने ज्याला शाप देऊन मारलं तो तिचाच पुंडरीक होता.

मी सॉफ्टवेअरवाला आहे, मला हे टेबल काढल्याशिवाय समजलं नाही. आयडी दोनच आहेत, लॉगिन बदलत राहतात. पहिला आयडी : चंद्र, मग चंद्रापीड, मग राजा शूद्रक. दुसरा : पुंडरीक, मग वैशंपायन, मग पोपट. सुरुवातीला दरबारात बसून जो राजा पोपटाची गोष्ट ऐकत होता, तो स्वतःचीच गोष्ट ऐकत होता. पोपट आणणारी मुलगी म्हणजे लक्ष्मी, पुंडरीकाची आई. लोकांनी लांब राहावं म्हणून तिने तो वेष घेतला होता. गोष्ट संपते तेव्हा राजा आणि पोपट देह सोडतात, इकडे वसंतात कादंबरीच्या मिठीत चंद्रापीड जागा होतो, आकाशातून पुंडरीक उतरतो, दोन्ही लग्नं लागतात.

गिट ब्लेम कुणाच्या नावावर?

बाणाच्या चाहत्यांची उत्तरभागावरची नेहमीची तक्रार अशी की भाषा उतरली. वर्णनांचा तो डौल नाही, सगळं पटपट उरकलंय. बाजूने बोलणारे म्हणतात, बरंच झालं, गोष्ट एकदाची पुढे तरी सरकते. मला दोन्ही पटतं. पण प्रेमाची जागा बदलण्याचा जो मोठा धक्का आहे, महाश्वेतेसमोर अनोळखी चेहऱ्याने तिचाच प्रियकर उभा करणं, तो मुलाच्या माथी मारायचा का?

आमच्या कामात एखादी ओळ कुणी लिहिली हे बघायला गिट ब्लेम नावाची कमांड असते. ती इथे चालवू. बाणाच्या भागात, म्हणजे पूर्वभागात, चंद्रापीडाच्या जन्माआधी राजाला स्वप्न पडतं की राणीच्या मुखात पूर्ण चंद्र शिरतोय. आणि प्रधानाला स्वप्न पडतं की कुणी ब्राह्मण त्याच्या बायकोच्या ओटीत एक पांढरं कमळ ठेवतोय. पांढऱ्या कमळाला संस्कृतात काय म्हणतात? पुंडरीक! पोपटाचं नाव वैशंपायन हेही बाणाचंच. जाबालींचं ते 'आपल्याच वागण्याची फळं' हे वाक्यही बाणाचंच. म्हणजे कमिट बापाचा आहे. मुलाचं पेरणी-काढणीचं म्हणणं इथे तरी खरं निघतं.

आणि गंमत म्हणजे बाणानेही हे बी दुसऱ्याच्या शेतातून आणलं होतं. त्याचा धागा आपल्या भागाशी जुळतो.

परंपरा सांगते की सातवाहन राजाच्या दरबारी, प्रतिष्ठानला म्हणजे पैठणला, गुणाढ्य नावाचा प्रधान होता. त्याने पैशाची भाषेत 'बृहत्कथा' लिहिली. सातवाहन म्हटलं की आपल्या जुन्नरकरांना नाणेघाट आठवतो, तिथला राणी नागणिकेचा मानला जाणारा शिलालेख आठवतो. कोकणातून माल नाणेघाट चढून जुन्नरला आणि तिथून पैठणकडे जायचा. बेल्ह्यावरून आज जो कल्याण-नगर रस्ता जातो तो साधारण त्याच दिशेने पूर्वेला निघतो. दंतकथा अशी की राजाने पैशाची भाषा ऐकून नाक मुरडलं, पुस्तक परत पाठवलं. गुणाढ्याने रानात बसून एकेक पान जनावरांना वाचून दाखवलं आणि आगीत टाकलं. सात लाख श्लोकांतले सहा लाख जळले, मग राजाला पश्चात्ताप झाला आणि उरलेले एक लाख वाचले. वाचकांच्या मिक्स प्रतिक्रियेची याहून मोठी गोष्ट मला माहीत नाही. एकाच पुस्तकावर राजा नाक मुरडतो आणि हरणं चरायचं सोडून रडतात.

मूळ 'बृहत्कथा' आज उपलब्ध नाही. पण अकराव्या शतकात काश्मीरच्या सोमदेवाने तिच्या आधारे 'कथासरित्सागर' लिहिला आणि त्यात कादंबरीचीच गोष्ट वेगळ्या नावांनी आहे. अभ्यासक साधारण तिला बाणाच्या आधीच्या गोष्टीचं रूप मानतात. तिथे पात्रं कशी बसवली आहेत बघा. पोपट आणणारी निषादकन्या ही स्वतः शाप भोगणारी नायिका आहे. पोपट हा नायिकेचा बाप आहे! आणि ऐकणारा राजा हा महाश्वेतेच्या जागी जी आहे तिचा प्रियकर आहे.

म्हणजे बाणाने नायिकेच्या बापाला काढून पोपटात प्रियकर घातला. बाप पोपट झाला तर वाईट वाटतं, पण ज्याच्यासाठी महाश्वेता आयुष्य लावून बसली आहे तोच तिच्या शापाने पोपट झाला तर पोटात गोळा येतो. बदलाने गोष्ट कमजोर झाली नाही, उलट टोकदार झाली.

महाश्वेता चुकली का?

आता मी ज्यासाठी हा एपिसोड केला त्या मुद्द्यावर येतो.

ही गोष्ट मी मित्रांना सांगितली की हमखास कुणीतरी म्हणतं, 'अरे, तो तिचाच पुंडरीक होता ना! तिला कळायला नको? खरं प्रेम असेल तर ओळखायला नको?'

नाही, मंडळी. नको. आपल्याला ते माहीत आहे कारण आपल्याला लेखक सांगतो. महाश्वेतेच्या बाजूने बघा. एकटी बाई, ओळख नसलेला पुरुष, तिने निरोप पाठवून नाही म्हटलेलं, तरी तो रात्री येतो. त्याच्या मनात मागच्या जन्माची ओढ असेल, पण ती त्याची त्यालाही नीट माहीत नाही. तिच्या हातात फक्त तिचं 'नाही' आहे, आणि ते तिने वापरलं. आपण असे किती सिनेमे बघितलेत ज्यात हिरो मागे लागतो, नकार ऐकत नाही आणि शेवटी 'नशिबातच होतं' म्हणून जिंकतो. इथे तर नशिबात खरोखरच होतं! आकाशातून वचन मिळालेलं होतं! तरीही जाबाली त्याला काय म्हणतात? नशीब नाही म्हणत. तुझ्या वागण्याचं फळ म्हणतात. आणि महाश्वेतेला गोष्ट शिक्षा देत नाही. तिला दुःख होतं, अपार होतं, पण शेवटी तिला तिचा पुंडरीक मिळतो. तो पुन्हा पुंडरीक होऊन आल्यावरच.

मला वाटतं बापलेकाने मिळून सांगितलेली ही सगळ्यात आजची गोष्ट आहे. आधीचं प्रेम म्हणजे आयुष्यभराचा पास नाही. चेहरा बदलला, जन्म बदलला, तर विचारायला परत यावं लागतं, आणि समोरचीला नाही म्हणायचा हक्क परत मिळतो.

आणि पत्रलेखा

मुलाचं कौतुक केलं, आता त्याची एक गोष्ट जी मला खटकते.

पत्रलेखा आठवते? जिच्या बोलण्यात बाणाचा भाग तुटला ती. ती कुलूताच्या राजाची मुलगी, लढाईत पकडून आणलेली. राणीने तिला चंद्रापीडाची विड्याचं तबक सांभाळणारी म्हणून दिली. ती सावलीसारखी त्याच्याबरोबर असते. प्रवासात, छावणीत, सगळीकडे. पण प्रेयसी नाही, बायको नाही, नुसती दासीही नाही.

1900 मध्ये रवींद्रनाथ टागोरांनी बंगालीत एक निबंध लिहिला, काव्यात उपेक्षित राहिलेल्या स्त्रियांवर. त्यात लक्ष्मणाची ऊर्मिला आहे, शकुंतलेच्या मैत्रिणी आहेत आणि पत्रलेखा आहे. टागोरांची तक्रार बाणाशी आहे. एवढ्या तरुण मुलीला एवढ्या जवळ उभी केलीस, आणि तिला मन आहे हेच विसरलास? कादंबरीला तिचा साधा हेवाही वाटत नाही, याचंच त्यांना वाईट वाटतं. हेवा वाटण्याइतकीही तिची गणना नाही.

मुलाने तिचं काय केलं? चंद्रापीड मेल्यावर ती त्याच्या इंद्रायुध घोड्यासकट सरोवरात उडी घेते. घोड्याच्या जागी पुंडरीकाचा मित्र कपिंजल बाहेर येतो, तोही शापित होता. पत्रलेखा येत नाही. शेवटी लग्नाच्या आनंदात कादंबरी विचारते, पत्रलेखा कुठे? तेव्हा सांगितलं जातं की ती रोहिणी होती, चंद्राची बायको. नवरा पृथ्वीवर एकटा दुःख भोगणार म्हणून सोबतीला आली होती.

थांबा, याचा अर्थ काय झाला? तिचा नवरा तिच्या डोळ्यांसमोर दुसरीच्या प्रेमात पडला, आणि तिचे प्रेमाचे निरोप हीच घेऊन गेली! मुलाने तिला नातं दिलं पण त्या नात्याबद्दल बोलायला एक वाक्य दिलं नाही. आणि इथे गिट ब्लेम चालवला तर मला पूर्वभागात त्या दोन स्वप्नांसारखी उघड खूण सापडत नाही. हे बी बापाने पेरलेलं दिसत नाही. म्हणून पुंडरीकाचा बदल पचतो आणि पत्रलेखेचा घशात अडकतो.

माझ्यापुरता निष्कर्ष एवढाच. पार्ट टू मध्ये प्रेमाचं माणूस बदललं म्हणून आपण चिडत नाही. पहिल्या भागात ज्याची खूणच नव्हती ते आपल्यावर लादलं, किंवा पहिल्या भागात जिला जीव लावला तिला न विचारता बाजूला सारलं, की चिडतो. पुढच्या वेळी एखादी सिरीज बघून 'हे काय केलं यांनी' असं म्हणावंसं वाटलं, तर एकदा पहिला भाग पुन्हा बघा. कुठे चंद्राचं स्वप्न, कुठे कमळ होतं का ते शोधा. सापडलं तर लेखकाला माफ करा. नाही सापडलं तर खुशाल भांडा, टागोर तुमच्या बाजूने आहेत.

तुम्ही पत्रलेखेचा शेवट कसा लिहिला असता, ते मला कळवा. व्हॉइस नोट पाठवली तरी चालेल, बोली कुठलीही असू द्या. गुणाढ्याच्या राजासारखं आपण भाषेवरून कुणाचं पान परत पाठवत नाही. भेटू पुढच्या एपिसोडला.